पद्मिनीआजींसारखी फिल्म

गेनाकाका हृदयविकाराने गेले असं सगळे म्हणतात, आणि डॉक्टरही तेच म्हणाले. मी त्यांच्या खालच्या अपार्टमेंटमध्ये राहायचे, त्यामुळे माझं मत थोडं वेगळं आहे. आमच्या इथल्या मराठी मंडळाने त्यांना चार वर्षं आधीच संपवलं होतं, तेही टाळ्या वाजवून. हे मी मंडळातल्या लोकांना तोंडावर सांगितलंय. तेव्हापासून मला हळदीकुंकवाची बोलावणी येईनाशी झाली. बरंच झालं.

त्यांचं पूर्ण नाव गेन्नादी अर्कादियेविच सुखानोव. रशियातले माहितीपटांचे दिग्दर्शक, आणि आपल्या फिल्म स्वतःच लिहिणारे. आमच्या मुलांच्या जिभेला हे नाव झेपेना, म्हणून मुलांचे ते गेना अंकल झाले आणि मोठ्यांचे गेनाकाका. उमेदीची सगळी वर्षं त्यांनी लेनिनग्राडच्या सरकारी स्टुडिओत काढली. बायको गेल्यावर मुलीने, लेनाने, त्यांना कॅलिफोर्नियात आणलं. लेना चिप डिझाइनमध्ये होती, माझ्या नवऱ्याच्या, निमिषच्या टीममध्ये. तिचं स्वतःचं घर ऐसपैस होतं, पण वडील सिगरेट ओढतात म्हणून त्यांना तिने सनीव्हेलमध्ये आमच्या डोक्यावर ठेवलं होतं.

मी २००१ मध्ये आले. पुण्यात कॉलेजात मराठी शिकवत होते, इथे डिपेंडंट व्हिसावर भाजी चिरत बसले. त्या वर्षी कंपन्या धडाधड बुडत होत्या. आमच्या कॉम्प्लेक्समधून रोज कुणीतरी गाशा गुंडाळत होतं, आणि कचऱ्याच्या डब्यांपाशी नवेकोरे सोफे पडून राहायचे. एका दुपारी असाच एक नागपूरचा मुलगा बॅगा गाडीत कोंबत होता, आणि एक उंच, वाकलेला म्हातारा त्याच्यावर कॅमेरा रोखून उभा होता. माझं डोकं फिरलं. मी जाऊन त्यांना चांगलं फैलावर घेतलं. लोकांची नोकरी जाते आणि तुम्हाला तमाशा सुचतो?

ते शांतपणे म्हणाले, "तो जातोय. कुणीतरी बघायला पाहिजे ना."

त्यांचं इंग्रजी तोडकंमोडकं होतं, माझं पुस्तकी. दोघांचं जमलं. मी त्यांना आल्याचा चहा द्यायचे आणि ते मला त्यांच्या स्टुडिओच्या गोष्टी सांगायचे. तिथे फिल्म तयार झाली की आधी कमिटीला दाखवावी लागे. सुटाबुटातली माणसं अंधारात बसून बघायची, दिवे लागले की त्यातला एक जण घसा खाकरायचा आणि काय काय कापायचं ते सांगायचा. धरणासाठी उठवलेल्या एका गावातल्या म्हाताऱ्यांवर काकांनी फिल्म केली होती. कमिटी म्हणाली, "हे म्हातारे रडतात कशाला? धरण झाल्याचा आनंद दिसू दे." काकांनी कापायला नकार दिला, आणि फिल्मचे डबे स्टुडिओच्या कपाटात गेले. त्यांच्या बहुतेक चांगल्या फिल्म अशाच कपाटात गेल्या.

कमिटीसाठी तिथल्या दिग्दर्शकांची एक युक्ती होती. फिल्ममध्ये मुद्दाम एक आचरट तुकडा घालून ठेवायचा. कमिटी त्याच्यावर तुटून पडायची, तो कापला की तिचं समाधान व्हायचं, आणि बाकीची फिल्म वाचायची. काका याला हाड टाकणं म्हणायचे. हे सांगताना त्यांच्या चेहऱ्यावर शाळकरी पोरासारखी खोडी असायची.

अमेरिकेत त्यांना कोण विचारणार? ते लग्नमुंजींचं शूटिंग करायला लागले. आपल्या लोकांना कळलं की एक रशियन स्वस्तात करतो, आणि आपल्या लोकांना एवढं पुरतं. पण माणसाच्या हाताची सवय जाईल कुठे? आमच्या मंडळातल्या विक्रम आणि इशिताच्या लग्नात त्यांनी मंगलाष्टकं सोडून इशिताच्या वडिलांना कॅमेऱ्यात धरलं. ते देवळाच्या स्वयंपाकघरात दुधाच्या उलट्या क्रेटवर एकटेच बसले होते. त्यांना शोधायला कुणी आलं नाही, आणि काकांनी कॅमेरा हलवला नाही. इशिताने तो तुकडा पाहून मला फोनवर रडून सांगितलं की बाबा असे बसले होते हे मला माहीतच नव्हतं गं. तिच्या सासूबाईंना मात्र आहेराच्या साड्या दिसल्या नाहीत म्हणून राग आला. मंडळात सासूबाईंचंच मत चाललं.

त्यांची पद्धत अशी होती की कॅमेरा लावायचा, मागे बसायचं आणि गप्प राहायचं. समोरचा माणूस आधी हसतो, मग केस सारखे करतो, मग कंटाळतो. कंटाळला की खरं बोलतो, असं ते म्हणायचे. मराठी त्यांना एकच शब्द यायचा. आपण फोन उचलून 'बोला' म्हणतो ना, ते ऐकून त्यांनी तो उचलला होता. कॅमेरा सुरू केला की त्या जाड आवाजात ते म्हणत, "बोला." आणि लोक खरोखर बोलत.

२००४ च्या उन्हाळ्यात नरेंद्रने त्यांना बोलावलं. नरेंद्र त्या वर्षी मंडळाचा अध्यक्ष होता. क्युपर्टिनोत टेकडीच्या अंगाला घर, मोठ्या कंपनीत मोठी जागा, आणि बोलणं असं की समोरच्याला सतत आपली परीक्षा चाललीय असं वाटावं. त्याची आई पद्मिनीआजी पंचाहत्तर वर्षांच्या होणार होत्या. अमृतमहोत्सवाला हॉल घेतला होता, तिथे दाखवायला आईवर एक फिल्म हवी होती. "आईचा दिवस कसा जातो, असं काहीतरी घ्या. तुम्ही आर्टिस्ट आहात, तुमच्या मनाने करा," तो काकांना म्हणाला.

तुमच्या मनाने करा! तीस वर्षांत हे वाक्य त्या माणसाला कुणी म्हटलं नव्हतं. ते तिकडून थेट आमच्याकडे आले तेव्हा त्यांचा श्वास लागला होता. म्हणाले, "रुचा, ही फिल्म मी पूर्ण करणार आणि लोक ती पूर्ण बघणार. एक तरी फिल्म लोकांनी पूर्ण बघावी, मग मी मरायला मोकळा." मी म्हटलं, मरायचं कसलं बोलता, चहा घ्या.

पद्मिनीआजी नागपूरच्या. नवरा लवकर गेला, प्रतापनगरच्या घराच्या पुढच्या खोलीत त्यांनी शिवणाचा क्लास चालवला आणि त्याच्यावर नरेंद्रला इंजिनियर केलं. अर्ध्या प्रतापनगरच्या पोरी त्यांच्या हाताखाली ब्लाउज शिकल्या. दिवसभर मशिनींची आणि पोरींची खडखड. मग नरेंद्रने त्यांना ग्रीन कार्डावर इथे आणलं, आणि त्या खिडकीत बसल्या. नरेंद्र आणि त्याची बायको कांचन कामाला जायचे. नातू अथर्व घरी आला की आजी काही विचारायच्या, तो "आजी, नॉट नाउ" म्हणून वर पळायचा.

काका रोज बस पकडून तिकडे जायला लागले. दोघांना एकमेकांची भाषा ओ की ठो येत नव्हती. पहिले काही दिवस आजी गप्पच होत्या. चहा द्यायच्या, आणि हा माणूस काचेतून आपल्याकडे काय बघत बसतो म्हणून पदर सारखा करायच्या. एकदा त्यांनी काकांच्या कॅमेऱ्याच्या बॅगेचा उसवलेला पट्टा पाहिला. काही न बोलता ती बॅग ओढून घेतली आणि लाल दोऱ्याने असा पक्का शिवून दिला की तो कितीही ओढला तरी निघाला नसता. शिवताशिवता त्या बोलायला लागल्या आणि मग थांबेचनात. समोरच्याला कळत नाही म्हणूनच बोलत होत्या. ज्याला कळेल त्याच्याशी बोलायची त्यांची सवय सुटली होती.

काकांनी मला भाषांतराला बोलावलं. मी त्यांच्या खोलीत कानाला हेडफोन लावून बसले, आणि थोड्याच वेळात मला तो काढून ठेवावा लागला.

आजी म्हणत होत्या, "नरेंद्र, घर विकलंस ते मला ठाऊक आहे. तुला वाटतं आईला काय कळते. शेजारच्या प्रतिमाने फोनवर सांगितलं, वहिनी, तुमच्या घराला जांभळा रंग देऊन राहिले. सही घेताना बँकेचं काम म्हणालास. जाऊ दे. घर गेलं तर गेलं. पण मला परत पाठव. प्रतिमाची वरची खोली रिकामी आहे, मी तिला विचारून ठेवलं. इथे मला काही कमी नाही रे. पण दिवसभर एक माणूस नाही बोलायला. मी खिडकीतून गाड्या बघत बसते, अन् गाडीतला माणूसही दिसत नाही. मला इथे मरायचं नाही, नरेंद्र."

मी हे काकांना शब्दन् शब्द सांगितलं. त्यांनी टेप मागे नेऊन आजींचा चेहरा पुन्हा लावला. मग म्हणाले, "मला वाटलंच. चेहरा तेच म्हणत होता."

पण मला राहवेना. दुसऱ्या दिवशी मी त्यांच्याबरोबर क्युपर्टिनोला गेले आणि आजींना स्पष्ट सांगितलं. "आजी, तुम्ही बोललात ते मी यांना सांगितलंय. आणि हे सगळं हॉलमध्ये दाखवणार आहेत, सगळ्यांसमोर. तुम्ही नको म्हणालात तर हे काढून टाकतील." काकांनीही मान हलवली. आजींनी हातातलं शिवण मांडीवर ठेवलं.

"नरेंद्रही बघेल ना?"

"हो तर. पहिल्या रांगेत असेल."

"मग राहू द्या. घरात मी बोलते तर तो कम्प्युटरकडे बघून हो हो करून राहतो. चारचौघांत तरी ऐकेल. चारचौघांची त्याला फार भीती आहे, लहानपणापासून." आणि त्या हसल्या. त्यांचे दात किती छान आहेत हे मला तेव्हा कळलं.

मग त्या काकांकडे वळून म्हणाल्या, "नीट घ्या हो. माझं एवढंच एक काम आहे." काकांना शब्द कळले नाहीत, पण त्यांनी छातीवर हात ठेवला.

फिल्म अप्रतिम झाली. मी काही जाणकार नाही, पण मी ती बघताना रडले आणि मी सहजासहजी रडणारी बाई नाही. त्यात निवेदन नव्हतं की संगीत नव्हतं. आजींचे हात, ती खिडकी, रिकामं झगझगीत स्वयंपाकघर, आणि शेवटी पूर्ण पडदाभर त्यांचा चेहरा आणि ते बोलणं.

आणि मग या माणसाने काय करावं? कार्यक्रमाच्या आधीच्या आठवड्यात डिस्क घेऊन ते नरेंद्रकडे गेले. दाखवायला!

मला कळलं तेव्हा सगळं होऊन गेलं होतं. ते हातात वाइनची बाटली घेऊन आमच्या दारात उभे होते, तोंडभर हसत. "कमिटीने पास केली," म्हणाले. "रुचा, एकही कट नाही. आयुष्यात पहिल्यांदा."

"कुठली कमिटी? तुम्हाला कुणी मागितली होती फिल्म?" मी ओरडलेच. "नरेंद्रला वेळ होता का बघायला? त्याने थेट हॉलमध्येच लावली असती!"

ते गोंधळून माझ्याकडे बघत राहिले. "पण आधी दाखवावी लागते," ते म्हणाले. त्यांना खरंच समजत नव्हतं. तीस वर्षं त्यांनी न दाखवता एक फूटही फिल्म बाहेर काढली नव्हती. तो देश बुडाला, तो स्टुडिओ गेला, कमिटीतली माणसं मेली असतील, आणि हा माणूस दुसऱ्या खंडात जाऊन स्वतःच्या पायांनी कमिटी शोधत गेला. आणि नुसता गेला नाही, हाडही टाकून गेला. नरेंद्र मायक्रोवेव्हच्या काचेत बघून अध्यक्षीय भाषणाची तालीम करतो, पोट आत घेतो, पुन्हा सोडतो, असा एक तुकडा त्यांनी घातला होता. हा म्हणेल, एवढं काढा, मग मी कुरकुर करून काढीन, आणि आजींचं बोलणं सुटेल, असा त्यांचा हिशेब.

"मग तो काय म्हणाला?"

"हसला. म्हणाला, हे ठेवाच, मी मस्त दिसतोय. मग आजींचं बोलणं आलं. चष्मा काढून डोळे पुसले, रुचा. मी बघितलं. आणि म्हणाला, डिस्क माझ्याकडेच ठेवून जा."

मला ते अजिबात आवडलं नाही. पण त्यांच्या चेहऱ्याकडे बघून मी गप्प बसले आणि निमिषने ग्लास काढले.

हॉल गच्च भरला होता. आजींना हिरवी साडी नेसवून पहिल्या रांगेत बसवलं होतं, गळ्यात मोगऱ्याचा नाही पण इथे मिळतो तसा कसलातरी पांढरा हार. मी त्यांच्या मागेच होते. पंचाहत्तर दिव्यांनी ओवाळून झालं, भाषणं झाली, दिवे मालवले. आजींनी खुर्चीचा दांडा घट्ट धरला.

पडद्यावर हात आले, खिडकी आली. आणि त्यावर एक जुनं भावगीत सुरू झालं. आधी मला वाटलं सुरुवातीला घातलं असेल. मग मायक्रोवेव्हसमोरचा नरेंद्र आला, लोक खदखदा हसले, आणि गाणं चालूच. मग आजींचा चेहरा आला. ओठ हलत होते. शब्द एक नाही. मला त्यांचं बोलणं पाठ होतं, म्हणून मी ओठांवरून वाचू शकत होते. घर गेलं तर गेलं, पण मला परत पाठव. त्यावर गायिका माहेराचं की कशाचं गोड गोड गात होती, आणि माझ्या शेजारची बाई डोळे टिपत म्हणत होती, किती समाधानी दिसतात ना आजी.

आजी आधी डावीकडे बघत होत्या, उजवीकडे बघत होत्या, कोण कोण ऐकतंय म्हणून. हळूहळू त्यांच्या लक्षात आलं. त्या पुन्हा पडद्याकडे वळल्या आणि स्वतःचे हलणारे ओठ बघत बसल्या.

मागे प्रोजेक्टरपाशी गडबड झाली. गेनाकाका साउंडच्या टेबलावर वाकून बटणं पिळत होते. साउंड बघणारा अमित त्यांचा हात हळूच बाजूला करत होता. "अंकल, इट्स फाइन. साउंड बरोबर आहे. नरेंद्रने स्वतः बसून केलाय वीकेंडला, एकदम प्रो झालंय यार." काका मोठ्याने रशियनमध्ये काहीतरी बोलले. पुन्हा बोलले. लोकांनी माना वळवल्या. "रशियन ना, घेतली असेल थोडी," कुणीतरी म्हणालं, आणि सगळे समजूतदारपणे हसले. त्या दिवशी त्यांनी थेंबाला हात लावला नव्हता, मी साक्षी आहे. दोघातिघांनी त्यांना दंडाला धरून प्रेमाने बाहेर नेलं.

दिवे लागले. लोक उभे राहून टाळ्या वाजवत होते. नरेंद्र आईच्या पायाशी वाकला. सगळ्यांच्या हातात कॅमेरे होते. आजींचा हात काही वेळ मांडीवरच राहिला. मग तो उचलला गेला आणि नरेंद्रच्या डोक्यावर पडला. चारचौघांची भीती त्यांनाही होतीच की. मुलगा काय आभाळातून शिकून आला होता?

मी जेवणाच्या रांगेत नरेंद्रला गाठलं. "तू हे काय केलंस?"

तो चिडला नाही, त्याचाच मला जास्त संताप आला. "रुचा, लॉजिकली विचार कर. ती बोलली ते या हॉलमध्ये ऐकवलं असतं तर कुणाची अब्रू गेली असती? तिचीच. मी तिला उपाशी ठेवतो का? डॉक्टर, देऊळ, सगळं करतो. नागपूरला कोण बघणार तिला? आणि तुला एवढं वाटत असेल तर आधी स्वतःच्या सासूला आण इथे, मग मला शिकव." ताटात श्रीखंड वाढून घेऊन तो पुढे गेला. त्याला आईचं बोलणं कळलं नव्हतं असं नाही. चांगलं कळलं होतं, म्हणून तर डोळे पुसले होते. डोळे पुसून तो कम्प्युटरपाशी बसला आणि आईचा आवाज काढून टाकला. अशा माणसाला काय म्हणायचं, मला अजून शब्द सापडलेला नाही, आणि मी मराठी शिकवत होते.

घरी आले तर काका जिन्यात बसले होते. मी शेजारी बसले. ते म्हणाले, "आमच्याकडे फिल्म कपाटात ठेवायचे. पण अख्खी ठेवायचे, रुचा. आवाजासकट."

खरी गंमत तर पुढेच आहे. पुढच्याच आठवड्यापासून काकांचा फोन वाजायला लागला. फ्रीमाँटहून, सॅन होजेहून, कुठून कुठून. प्रत्येकाला आपल्या आईची, आपल्या वडिलांची 'पद्मिनीआजींसारखी फिल्म' हवी होती. अशीच हळवी, गाणं लावलेली. उमेदीत कुणी विचारलं नाही, आणि आता त्यांना श्वास घ्यायला फुरसत नव्हती. लेना खूश झाली. म्हणाली, पपाला शेवटी इथल्या लोकांची टेस्ट कळली.

आधी त्यांनी सगळ्यांना नाही म्हटलं. मग हो म्हणायला लागले. मी रागावले, तर म्हणाले, "मी नाही गेलो तर ते दुसऱ्याला बोलावतील. तो कॅमेरा लावेल आणि हसायला सांगेल. मी निदान 'बोला' म्हणतो." ते घरोघर गेले. म्हातारी माणसं त्यांच्यापाशी बोलली, गुजरातीत, तेलुगूत, मराठीत, पोटातलं सगळं बोलली. मुलांना त्यांनी गाणं लावून डिस्क दिली. बोलणं असलेल्या मूळ कॅसेट ते आपल्या खोलीतल्या कपाटात ठेवत गेले. एकदा दार उघडून त्यांनी मला ते कपाट दाखवलं. वरपासून खालपर्यंत भरलेलं. "आता कपाटही माझंच, कमिटीही मीच," म्हणाले आणि खोकत राहिले. भाषांतराला मात्र त्यांनी मला पुन्हा कधी बोलावलं नाही.

क्युपर्टिनोला ते एकदा गेले होते, आजींना भेटायला. कांचनने दारातच सांगितलं, आई झोपल्यात. वरच्या खिडकीत आजी बसलेल्या त्यांना दिसत होत्या. त्यांनी खालूनच छातीवर हात ठेवला आणि परतीच्या बसची वाट बघत उभे राहिले.

आजी नागपूरला गेल्या नाहीत. प्रतिमाबाईंनी वाट बघून वरची खोली भाड्याने दिली.

२००८ च्या ऑक्टोबरमध्ये काका गेले. चौथ्या दिवशी कपाट आठवून मी धावत वर गेले, तेव्हा लेनाने खोली आवरायला माणसं लावली होती. मी विचारलं, कपाटातल्या कॅसेट कुठायत? ती म्हणाली, त्या ना, त्या काल गेल्या कचऱ्यात, आता कॅसेट बघतं कोण? बाहेर डब्यांपाशी जाऊन मी बघितलं. डबे रिकामे होऊन आले होते.

मंडळाच्या दिवाळीच्या कार्यक्रमात त्यांना श्रद्धांजली ठेवली. मी जाणार नव्हते, पण निमिष म्हणाला, कुणीतरी बघायला पाहिजे ना, आणि मग मला जावंच लागलं. शेअर बाजार कोसळला होता, टेबलाटेबलांवर कुणाची नोकरी गेली याच्याच गप्पा चालल्या होत्या. रॅफलची सोडत निघाली, आणि जेवणाच्या आधी नरेंद्र माइकपाशी आला. गेनाकाका आपल्या परिवारातलेच होते, वगैरे. टेबलावर त्यांचा फोटो आणि शेजारी त्यांची कॅमेऱ्याची बॅग ठेवली होती. लाल दोऱ्याची शिवण तशीच पक्की होती.

"त्यांच्याच स्टाइलमध्ये एक छोटी फिल्म," नरेंद्र म्हणाला.

लेनाला काकांच्या सामानात एक डिस्क सापडली होती. त्यांनी कॅमेरा स्वतःवर लावला होता आणि खुर्चीत बसून रशियनमध्ये कितीतरी वेळ बोलले होते. नरेंद्रने त्यावर भावगीत लावलं होतं. तेच, चार वर्षांपूर्वीचं. पडद्यावर तो मोठा थकलेला चेहरा आला. ओठ हलायला लागले. मी लेनाकडे वाकून विचारलं, काय म्हणतायत ते? तिने खांदे उडवले. "म्हाताऱ्यांचं नेहमीचं गं. गाणं छान आहे, नाही?"

तेवढ्यात पहिल्या रांगेतून आवाज आला. पद्मिनीआजी उभ्या राहिल्या होत्या. मी त्यांना चार वर्षांत पहिल्यांदा बघत होते, निम्म्या झाल्या होत्या. हातातल्या काठीने त्यांनी पडद्याकडे दाखवलं.

"आवाज लावा त्याचा."

कुणी हललं नाही. "गाणं बंद करा, अन् त्याचा आवाज लावा. तो बोलून राहिला, दिसत नाही का तुम्हाला?"

नरेंद्र घाईघाईने आला, त्याने आईच्या खांद्यावर हात ठेवला आणि सगळ्यांना ऐकू जाईल एवढ्या प्रेमळ आवाजात म्हणाला, "आई, बस बरं. रशियन आहे ते. तुला काय कळणार त्यातलं?"

आजींनी मुलाकडे बघितलं.

"त्याला तरी माझं कुठे कळत होतं?"

कांचनने त्यांना हळूच खाली बसवलं आणि पाणी दिलं. गाणं शेवटपर्यंत वाजलं, टाळ्या झाल्या, आणि नरेंद्रने सांगितलं की जेवण मागच्या हॉलमध्ये आहे, रांग डावीकडून लावा.